मैदानावरचं ऊन

मद्रासमधल्या वेस्ट मांबलमच्या बसथांब्यावर सकाळी जी माणसं उभी असायची, ती सगळी उन्हाच्या नावानं बोटं मोडत असायची. कुणी पेपरची घडी डोक्यावर धरलेली, कुणी औषधांच्या दुकानाच्या पत्र्याखाली अंग चोरून उभं. त्यांच्यातच कनका असायची. मनगटापर्यंत बाह्यांचा ब्लाउज, डोक्यावरून घेतलेला पदर, वर उघडलेली काळी छत्री आणि गालांवर पांढरट मलमाचा थर. बघणाऱ्याला वाटावं, उन्हाला सगळ्यांत जास्त वैतागलेली बाई हीच. खरं तर त्या थांब्यावर, आणि बहुधा त्या सबंध शहरात, उन्हासाठी जीव टाकणारी ती एकटीच होती.

कनका शहराच्या तिरुवल्लिकेणी भागातल्या मुलींच्या एका शाळेत खेळाची शिक्षिका होती. होती म्हणजे, अजूनही पगारपत्रकावर तेच लिहिलेलं होतं. पण दोन वर्षांपासून ती वाचनालयात बसत असे. त्याआधीची तिची सगळी उमर उन्हात गेली होती. तंजावरला शाळेच्या तांबड्या मैदानावर ती खो-खो शिकली, कॉलेजकडून खेळली, विद्यापीठाच्या संघात गेली. लग्न होऊन मद्रासला आली आणि या शाळेत लागली. समुद्र दोन गल्ल्यांवर होता. दुपारी खारा वारा सुटायचा, मैदानाची माती तव्यासारखी तापलेली असायची, आणि त्या मातीत अनवाणी पायांनी उभी राहून कनका पोरींना पळवायची. सासूबाई होत्या तेव्हा म्हणायच्या, "काय गे हा रंग! लोक म्हणतील, ब्राह्मणाची सून मीठ वेचायास जाते की काय." कनका हसायची. त्या रंगाचा तिला अभिमान होता.

मग एका पावसाळ्यात सकाळी उठल्यावर तिच्या बोटांच्या मुठी वळेनात. दुधाची पिशवी फाडायला नवऱ्याला बोलवावं लागलं. थकवा असा यायचा, की आंघोळ करून आल्यावर पलंगावर बसून राहावं आणि केस पुसायलाही हात वर जाऊ नये. ताप येई, जाई. ब्लड टेस्ट होत होत्या, कुणी म्हणे संधिवात, कुणी म्हणे पाळी जायच्या आधीचं असेल, कुणी म्हणे मनाचं. आणि या सगळ्यात तिच्या गालांवर, नाकाच्या दोन्ही बाजूंना, पंख पसरल्यासारखी लाली चढली. शेजारच्या विजयालक्ष्मीमामी लिफ्टमध्ये म्हणाल्या, "कनका, कसली चमक आलीय चेहऱ्यावर! कुठं करतेस फेशियल?"

ती चमक म्हणजेच आजार होता. अखेर सांध्यांच्या एका डॉक्टरीणबाईंनी तो ओळखला. लुपस. "शरीराचे राखणदारच घर फोडायला निघालेत असं समजा," त्या म्हणाल्या. "गोळ्यांनी त्यांना आवरता येईल. पण त्यांना चेव येतो तो उन्हानं. ऊन संपूर्ण बंद." मग त्यांनी फाइलवर नजर टाकली आणि विचारलं, "नोकरी कसली करता?"

कनकानं सांगितलं. बाईंनी पेन खाली ठेवलं आणि त्या म्हणाल्या, "अरेरे."

तिचा नवरा राजगोपाल बँकेत होता. मितभाषी माणूस. त्या दिवशी घरी येताना त्यानं रिक्षाच्या उघड्या बाजूला स्वतः बसून तिला आतल्या बाजूला बसवलं, आणि तेव्हापासून कुठंही गेलं तरी ऊन कुठल्या बाजूनं येतंय हे तो आधी बघायचा.

शाळेत फक्त एच.एम.ना, मुख्याध्यापिकांना, सांगितलं होतं. त्या भल्या होत्या. त्यांनी कनकाला वाचनालय दिलं आणि कनकाच्याच विनंतीवरून कुणाला कारण सांगितलं नाही. मग इतरांनी कारणं शोधली. पी.टी. मिसला आता रंग सांभाळायचाय. पी.टी. मिसची वर ओळख आहे. वाचनालयात पंखा आहे, खुर्ची आहे, कोण सोडेल? कनकाच्या कानावर सगळं येत असे. सकाळी तिरुवल्लिकेणीच्या गल्लीतून ती पूर्वेकडच्या भिंतींना धरून, सावलीच्या पट्ट्यातून चालत येई, संध्याकाळी पश्चिमेकडच्या. समोरून येणाऱ्या बाईनं हाक मारली तरी ती पट्टा ओलांडून पलीकडे जात नसे. त्यालाही लोकांनी शिष्टपणा म्हटलं.

वाचनालयाची खिडकी नेमकी मैदानावर उघडायची. तिथं जाड निळा पडदा लावलेला होता, कारण काचेतून येणारं ऊनही तिला वर्ज्य होतं. पडद्याआड ती पुस्तकांना कव्हरं घालत बसे आणि ऐकत राही. कानांनी तिला सगळं दिसायचं. कुठली पोर खो देताना हात आधी लावते आणि तोंड मागाहून उघडते, कुठली टाचांवर पळते, कुठली खांबाजवळ घाबरून पावलं आखूड करते. अधूनमधून पडद्याच्या कडेनं उन्हाची एक बारीक रेघ टेबलावर येई. कनका खुर्ची मागे घेई. पण रेघेकडे बघत राही.

जूनमध्ये शाळेत नवी खेळाची शिक्षिका आली. सावनी. फलटणची पोर, तिशीही न गाठलेली. नवऱ्याला इकडच्या एका मोटारीच्या कारखान्यात नोकरी लागली म्हणून आलेली. तमिळ येत नव्हतं, इंग्रजी अडखळत. पण खो-खो तिच्या रक्तात होता, आणि खो म्हणायला भाषा लागत नाही.

एकदा मधल्या सुट्टीत ती वाचनालयाच्या दारातल्या माठातलं पाणी पिऊन निघाली होती. आत कनका फोनवर बोलत होती, "अहो, मज यावयास उशीर होईल. भात कुकरास लावून ठेवा." सावनी दारातच थबकली.

"तुम्ही मराठी आहात?"

"आम्ही तंजावरचे," कनका फोन ठेवत म्हणाली. "आमचे वाडवडील केधवा आले, कोण्हास ठाऊक नाही. राजांच्या संगती आले म्हणतात."

"तुमचं बोलणं जुन्या बखरीतलं वाटतं," सावनी हसून म्हणाली, आणि हसता हसता तिचे डोळे भरून आले. इथं आल्यापासून घराबाहेर कुणाच्या तोंडून मराठी शब्द ऐकला नव्हता.

"आणि तुझं टीव्हीतलं वाटतं," कनका म्हणाली. "बैस. डबा खाल्लास काय?"

त्या दिवसापासून सावनी रोज डबा घेऊन वाचनालयात येऊ लागली. तिच्या डब्यात भाकरी आणि ठेचा असे, कनकाच्या डब्यात उडदाच्या पिठाची डांगर पचडी नाहीतर लिंबाचा भात. दोघी खो-खोबद्दल बोलत. फलटणला सूर कसा मारतात, तंजावरला खांबावर कसं वळतात. बोलता बोलता कनका टेबलावर बोटांनी पावलं टाकून दाखवी. सावनीला कळेना की इतकं जाणणारी बाई पडदा लावून कव्हरं का घालत बसते. एकदा तिनं विचारलंच, "ताई, तुम्ही मैदान का सोडलंत?"

कनकाच्या ओठांवर खरं आलं होतं. पण ती म्हणाली, "कंटाळा आला."

सावनीनं आपला डबा आवरला. पण दुसऱ्या दिवसापासून तिच्या बोलण्यात एक कोरडेपणा आला. खो-खोचा कंटाळा येऊ शकतो ही गोष्ट तिच्या गळी उतरत नव्हती.

ऑगस्टमध्ये विभागाच्या सामन्यांची तारीख लागली. सावनीचा संघ पळायला चपळ होता, पण खांबाशी गडबडायचा. वळताना पोरींचा तोल जाई आणि पुढचा गडी निसटे. सावनी स्वतः सूर मारणाऱ्यातली, खांबाचं वळण तिचं कधीच नव्हतं. ती कनकाकडे आली.

"एकदाच या, ताई. दुपारच्या तासाला. नुसतं दाखवा त्यांना."

"मज जमणार नाही गे."

"का नाही जमणार? धडधाकट आहात तुम्ही. माझ्यापेक्षा तजेलदार दिसता." सावनीचा आवाज चढला. "लोक काय काय बोलतात तुमच्याबद्दल, माहितीये? मी त्यांच्याशी भांडते. पण आता मलाच वाटायला लागलंय की ते बरोबर आहेत."

कनकानं पुढच्या पुस्तकाला कव्हर घालायला घेतलं. सावनी डबा न खाताच निघून गेली.

त्यानंतरच्या आठवड्यात सावनी तापानं आजारी पडली. एच.एम. कसल्याशा मीटिंगला गेल्या होत्या. संघातल्या पोरींना मैदानावर सोडून, आपापलं खेळा असं सांगून एक शिक्षिका स्टाफरूममध्ये परतली होती. पडद्याआड कनका ऐकत होती. खेळ मिनिटाभरातच विस्कटला. मग भांडण. मग सौम्या नावाच्या संघनायिकेचा आवाज खिडकीखालून आला, "कनका मिस! तुम्ही तरी या ना. मिस!"

कनकानं पडदा सारला. समोर मैदान होतं, पांढरं, रणरणतं. पोरींच्या सावल्या त्यांच्याच पायांत गोळा झालेल्या. दोन वर्षांत तिनं ते असं भर दुपारी पाहिलं नव्हतं. मलम सकाळी लावलं होतं, ते आतापर्यंत उतरलंही असणार, हे तिला ठाऊक होतं. छत्री दाराशी होती, हेही ठाऊक होतं. एक वळण दाखवून येऊ, एवढंच तिनं मनाशी म्हटलं, आणि ते खोटं आहे हेही तिला म्हणताक्षणीच कळलं.

ती जिना उतरली. व्हरांड्याच्या कडेला चपला काढल्या. छत्री घेतलीच नाही.

पहिलं पाऊल मातीत पडलं तेव्हा तळवा चटकन भाजला, आणि कनकाच्या तोंडून हुंकार निघाला. परदेशी गेलेलं माणूस परत येऊन दारात उभं राहावं तसा. ऊन तिच्या मानेवर आलं, खांद्यांवर आलं, पदर खोचला तशी उघड्या पाठीच्या पट्टीवर आलं. किती जड असतं ऊन, हे ती विसरली होती. खऱ्याखुऱ्या हाताचं वजन. डोळ्यांपुढं क्षणभर सगळं सोनेरी काळं झालं आणि मग एकेक वस्तू धारदार होऊन वर आली: खांबाची उललेली साल, चुन्याची रेघ, सौम्याच्या वेणीतली सुकलेली मल्लीची फुलं.

"खांबाला मिठी मारू नका," ती म्हणाली. "तो धरायचा नाही. त्याला नुसतं विचारायचं, आणि वळायचं. बघा."

आणि ती पळाली. साडी खोचून, चाळिशी उलटलेली, सांधे दुखणारी बाई. डावा हात खांबाला लागला न लागला तोच तिचं सगळं अंग त्याच्याभोवती फिरलं आणि ती पलीकडच्या बाजूला होती. पोरी ओरडल्या. तिनं पुन्हा दाखवलं. मग एकेकीला वळवलं. मग संघ दोन भागांत वाटून खेळायला लावला आणि स्वतः चौकोनात बसली, पाठीवर खो बसावा म्हणून. खो बसला. ती उठली. घामाची धार कपाळावरून डोळ्यांत गेली, झोंबली, आणि तिला इतका आनंद झाला की तिनं ती पुसली नाही.

घंटा झाली तरी ती थांबली नाही. पोरीच थकल्या.

दोन दिवस काहीच झालं नाही. या आजाराचा हाच कपटीपणा. कनकाला वाटू लागलं की आपण निसटलो. कदाचित डॉक्टर उगाच घाबरवतात. कदाचित रोज थोडा वेळ जाता येईल. संध्याकाळी स्वयंपाक करताना ती गुणगुणत होती आणि राजगोपाल पेपरावरून तिच्याकडे बघत होता. तिसऱ्या दिवशी तिला पलंगावरून उठता आलं नाही. चेहरा भाजल्यासारखा लाल झाला, ताप चढला, गुडघे सुजले. आठवड्याभरात पायांवर सूज आली आणि लघवीला फेस येऊ लागला. मूत्रपिंडांपर्यंत गेलं होतं. इस्पितळ, सलाइन, स्टेरॉइड.

डॉक्टरीणबाई रागावल्या. कनकानं मान खाली घालून ऐकलं. त्या गेल्यावर राजगोपाल खुर्ची ओढून तिच्याशेजारी बसला. आता हाही बोलेल, आणि त्याला तो हक्क आहे, असं तिला वाटलं. त्यानं तिच्या सुजलेल्या बोटांवर आपला हात ठेवला.

"ऊन कसं होतं गे?" त्यानं विचारलं.

कनकाला रडू कोसळलं. मग तिनं सांगितलं. माती, मान, घाम, खांब, सगळं. तो ऐकत राहिला. लग्नानंतर सुट्टीच्या दिवशी दोघं बसनं मद्रासजवळच्या कोवलमला जात, भर दुपारी होड्यांच्या मधल्या वाळूत बसून भाजलेले मासे विकणाऱ्या बायांकडे बघत, आणि घरी कुणाला कळू नये म्हणून कपड्यांचा वास जाईपर्यंत समुद्रावर थांबत. तीही आठवण निघाली. "तेव्हा तूच म्हणायचास, पुरे झालं ऊन, चल," ती म्हणाली. लग्नानंतरच्या पहिल्या दिवसांत एकांतात ती त्याला अरेतुरे करायची. पुष्कळ वर्षांनी आज तसं बोलली होती.

"होय," तो म्हणाला. "मजच सोसायचं नाही."

कनका घरी आल्यावर सावनी भेटायला आली. तिला एच.एम.नी सांगितलं होतं. दारात ती उभी राहिली तर तिला कनका ओळखूच येईना. स्टेरॉइडनं चेहरा गोल झाला होता. सावनी आत आली, खाली जमिनीवरच बसली आणि पलंगाच्या कडेला कपाळ टेकलं.

"माझ्यामुळं झालं."

"तुझ्यामुळे कसं? तू तर घरी ताप घेऊन निजली होतीस. मी माझ्या पायांनी गेलें."

"पण तुम्ही मला सांगितलं का नाही? मी किती बोलले तुम्हाला. लोक आळशी म्हणतात, कामचुकार म्हणतात, ते ऐकून घेतलंत. एका शब्दानं सगळं थांबलं असतं."

कनकानं थोडा वेळ छताकडे पाहिलं. बाहेर दुपार होती. पडद्यांमुळे खोली मात्र तिन्हीसांजेसारखी.

"थांबलं असतं," ती म्हणाली. "मग सगळे माझ्याशी हळू बोलले असते. बघ सावनी, आळशी बाई उद्या उठेल, असं लोकांस वाटतं. रागावतात, पण वाट पाहतात. आजारी म्हटलं की वाट पाहणंच संपतं. खाली पोरी खेळत आणि स्टाफरूमात बाया मज नावं ठेवीत, तेव्हा मला वाटायचं, यांच्या मते तरी मी अजून मैदानावर जाऊ शकतें."

सावनीनं तोंडावर हात ठेवला. आतून राजगोपाल कॉफीचे दोन पेले घेऊन आला आणि ते ठेवून पुन्हा आत गेला.

संघ दुसऱ्या फेरीत हरला. खांबाशी मात्र एकही पोर गडबडली नाही, असं सावनीनं फोनवर सांगितलं. हरलेल्या पोरी बसमध्ये गात आल्या म्हणे.

कनका पुन्हा शाळेत जाऊ लागली तेव्हा वर्ष उलटत आलं होतं. या खेपेस तिनं स्वतः सांगितलं. आधी स्टाफरूमला, मग पोरींना. अपेक्षेप्रमाणे सगळे हळू बोलू लागले. कुणी तिच्या हातातल्या पिशव्या घेऊ लागलं. एका मास्तरणीनं गंडा आणून दिला. शेजारच्या विजयालक्ष्मीमामींच्या कानावर गेलं तेव्हा त्यांनी फेशियलबद्दल बोलल्याची आठवण काढून माफी मागितली, आणि कनकालाच त्यांची समजूत घालावी लागली.

सावनीनं एच.एम.च्या मागे लागून सरावाची वेळ बदलून घेतली. आठवड्यातून दोन दिवस सराव संध्याकाळी होऊ लागला, समोरच्या मॅन्शनच्या, म्हणजे भाड्याच्या खोल्यांच्या, इमारतीमागं सूर्य गेल्यानंतर. त्या दिवशी कनका खाली येई. पळणं आता शक्य नव्हतं. खांबाजवळ खुर्ची टाकून ती बसे आणि पोरींच्या पावलांकडे बघून बोले. समुद्राकडून वारा येई. पोरी तिचं ऐकत, आणि त्यांचं वळण खरंच सुधारत होतं. सावनी म्हणायची, "बघा, किती छान झालं." कनका हो म्हणायची, आणि ते खोटं नव्हतं.

पण तिच्या तळव्यांना ती माती कोमट लागायची. सावलीतलं मैदान तिला दुसऱ्याच कुणाचं वाटे. दिवेलागणीला घरी परतताना राजगोपाल थांब्यावर घ्यायला येई आणि विचारी, "झाला सराव?" ती म्हणे, "झाला." त्याला तेवढ्यावरून सगळं कळे.

पुढच्या एप्रिलमध्ये, परीक्षा संपत आल्या होत्या तेव्हा, एका दुपारी सौम्या वाचनालयात धापा टाकत शिरली. सावनी मिसनं उन्हात धावायला लावलं होतं. ती माठातलं पाणी गटागटा प्याली, कनकाच्या टेबलाशी येऊन मटकन खाली बसली आणि डोकं टेबलाच्या पायाला टेकवून म्हणाली, "मिस, मरते मी. केवढं ऊन आहे हो बाहेर."

कनकानं हातातलं पुस्तक बाजूला ठेवलं. वाकून तिनं पोरीच्या डोक्यावर तळवा ठेवला. केस चटका बसेल इतके तापले होते. भांगातली कातडी तर नुकत्या उतरवलेल्या भांड्यासारखी. सौम्यानं वर पाहिलं.

"काय झालं, मिस?"

"काही नाही. बैस तशीच," कनका म्हणाली. "घाई नको करूस."

पोर बसून राहिली. खाली मैदानावर सावनीची शिट्टी वाजली, पावलांचा एक घोळका भिंतीपर्यंत आला आणि परत गेला. कनकानं डोळे मिटले होते. तिचा हात हळूहळू ऊन होत होता.